गुरुवारी पाणी बंद

एकतीस वर्षं मी झाडं शिवली.
म्हणजे वाळलेली. जाड कागदावर.
देठाला पांढऱ्या दोऱ्याचे तीन टाके,
पानांना डिंक,
खाली उजव्या कोपऱ्यात चिठ्ठी:
कुळ, नाव, ठिकाण, तारीख, कुणी आणलं.

मोहरीच्या कुळाचं कपाट खिडकीजवळ होतं.
त्यात हिचे फक्त चार कागद.
एवढंसं घराणं, ओल धरून राहणारं.
मराठी नावाची जागा कोरी ठेवा, साहेब म्हणायचे.
मी मनातल्या मनात पाणहळीव म्हणायचे.
माझ्या बाळंतपणात आईनं लाडू पाठवले होते,
त्यातल्या हळिवाची ही लांबची बहीण,
जिला कुणी गुळात घातलं नाही.
हिची मोहरी तडतडली नाही कुणाच्या फोडणीत,
हिनं कुणाची दृष्ट काढली नाही.

लॅटिन नावाचा अर्थ एकदा साहेबांनी सांगितला:
नाक मुरडायला लावणारी.
मला हसू आलं.
आमच्या पेठेत त्यासाठी झाड लागत नाही.

चारातला एक कागद पाषाणचा.
'ओढ्याकाठी. पाणी वाहतं, थंड, घोटाभर.
विपुल.
फेब्रुवारी १९५७. गो. वि. टिपणीस.'
त्या 'विपुल'चा उकार त्यांनी इतका ऐसपैस काढलाय
की माणूस पाण्यात पाय सोडून बसला असणार लिहिताना.

निवृत्त झाल्यावर, गुडघे बरे होते तोवर,
पीएमटीनं गेले एकदा.
ओढा विचारला तर वॉचमननं
पार्किंगकडं बोट दाखवलं.
स्लॅबला कान लावला असता तर ऐकू आला असता कदाचित.
लाज वाटली. लावला नाही.

परत येताना चौकापुढं टँकर भरायची जागा,
लोखंडी पाइप, चाकाएवढा व्हॉल्व्ह,
आणि व्हॉल्व्हच्या खाली, गळणाऱ्या धारेत,
चिखल, विडीची थोटकं, फाटकी चप्पल, आणि ती.
हिरवीगार. जिवंत मी पहिल्यांदाच पाहत होते.
चार पांढऱ्या पाकळ्या, अधिकच्या चिन्हासारख्या.
एक शेंग नखानं उकलली:
बिया दोन रांगांत.
टिपणीस, तुम्ही एक रांग लिहिली होतीत.
तुमच्या शेंगा वाळून चपट्या झाल्या होत्या,
आम्हीही तेच पुढं उतरवत आलो.

पान चावलं. थोडा वेळ काहीच नाही,
मग नाकाच्या शेंड्यापर्यंत झणका.
'मावशी, जपून,' अस्लम मुलाणी केबिनमधून ओरडला,
'मिरची संपली की आम्ही वडापावात घालतो ती.'
मग म्हणाला, घ्यायची तर आजच घ्या,
गुरुवारी पाणी बंद, व्हॉल्व्ह बदलणारेत.
कुठल्यातरी सोसायटीनं तक्रार केलीय,
एवढं पाणी वाया जातंय म्हणून.

कुठल्यातरी.
त्या अर्जावर बावीस सह्या होत्या.
चौदावी माझी.
अर्ज बरोबरच होता, आजही मी सही करीन.
आमच्या टाकीत उन्हाळ्यात पाली फिरतात.

एक फांदी तोडली.
पिशवीत जुनं वर्तमानपत्र होतं, सवयीनं आणलेलं.
घडी उलगडली, तिच्यात ठेवली,
आणि मग दाबायला हात होईना.

आता ती स्वयंपाकघराच्या खिडकीत,
स्टीलच्या पेल्यात उभी आहे.
तिसऱ्या दिवशी पेराला पांढरे दोरे फुटले.
बारीक, तिरके, एकाशेजारी एक.
माझ्यापेक्षा सफाईचे टाके.

चिठ्ठी लिहायला घेतली.
नाव लिहिलं. तारीख लिहिली.
ठिकाण: गळका व्हॉल्व्ह (होता).
'विपुल'च्या जागी पेन बराच वेळ थांबलं.

पेल्यातलं पाणी रोज बदलावं लागतं.
टँकर एक दिवसाआड येतो.